ओढ्याकाठची राखण

“मग सही का करत नाही, अप्पा?”

चनबसनं प्रतिज्ञापत्राचा कागद तिसऱ्यांदा पुढं सरकवला. विरूपाक्ष स्वामींनी तो तिसऱ्यांदा चटईवर ठेवला.

मठाच्या ओसरीवर ऊन चढत होतं. चनबस एका जागी टिकत नव्हता. खांबापाशी जाई, परत येई. विहिरीवरची मोटार चालू करायला गेलेला त्याचा थोरला भाऊ, काशिनाथ अण्णा, शॉक लागून जागच्या जागी गेला, त्याला एकोणीस दिवस झाले होते. तेव्हापासून चनबसचे पाय कुठंच ठरत नव्हते.

“सोमवारी तारीख आहे,” तो म्हणाला. “तात्पुरता मनाई हुकूम मिळाला, की काकाला त्या ओढ्याकाठच्या पट्टीत नांगर घालता येणार नाही. वकील म्हणतात, मालक कोण ते मागाहून ठरेल. आत्ता कोर्ट ताबा कुणाचा तेच आधी बघतं. अण्णाला तिथं माती तुम्ही दिलीत. तुमच्या सहीला वजन आहे.”

“यात काय लिहिलंय?”

“वकिलांनी लिहिलंय. बरोबरच असणार.”

“वाच.”

चौथीतून शाळा सोडलेला चनबस बोट ठेवून वाचू लागला. “सदर पट्टीत... आमच्या घराण्यातील मयतांना... पिढ्यानपिढ्या पुरण्यात येते...”

“तुझा आजा कुठंय?”

चनबसचं बोट थांबलं.

“आणि बाप?”

“चिंचेखाली.”

“दोघांनाही मीच बसवलं.”

लिंगायतांत गेलेल्या माणसाला आडवं करत नाहीत. मांडी घालून बसवतात, मग माती देतात. त्या घराण्यातली सगळी माणसं चिंचेखाली ओळीनं बसलेली होती.

“त्यांच्या शेजारी जागा होती,” स्वामी म्हणाले. “तू म्हणालास, तिथं पाषाण लागला.”

“लागला होता.”

“किती हातावर?”

“नव्हता लागला,” चनबस एकदम बोलला. “कुदळच मारली नाही तिथं. खड्डा मीच पट्टीत घेतला. म्हटलं, अण्णा तिथं असल्यावर काकाची छाती होणार नाही. पण तो माणूस आहे का? म्हणतो, माझ्या रानात मढं का आणलंस, अमावास्या झाली की नांगरतो. अप्पा, दगड वेचून वेचून अण्णानं ती पट्टी पिकवली. मी काय, बघत बसू?”

तो पुन्हा खांबाकडं निघाला.

“चनबस.”

“जी.”

“अंगणात तूर वाळत घातलीय. शेळ्या तोंड घालतात. जा, तिथं राखणीला मांडी घालून बस. मी सांगेपर्यंत हलायचं नाही.”

“आत्ता?”

“सहीचं मग बघू.”

चनबस धुसफुसत जाऊन बसला. दोन शेळ्या आल्या, त्याला पाहून बिचकल्या, कुंपणाशी उभ्या राहिल्या. स्वामी ओसरीवर विभूतीच्या वड्या वळत राहिले.

ऊन डोक्यावर आलं. मानेवर माशी बसली. चनबसनं हात उचलला.

“हलायचं नाही.”

“अप्पा, शेळ्या गेल्या.”

“परत येतील.”

“मग कुठवर बसू?”

“पुढच्या तारखेपर्यंत.”

चनबस हसला. स्वामी हसले नाहीत.

घोट्याखाली खडा रुतत होता. पायाला मुंग्या आल्या, मग मुंग्याही कळेनात. त्यानं डोळे मिटून दम काढून पाहिला. उघडले तेव्हा शेळ्या कुंपणाबाहेर येरझाऱ्या घालत होत्या. त्याला पहिल्यांदाच त्यांचा हेवा वाटला.

“अप्पा... नाही जमत. एवढा वेळ कोण बसेल असं?”

विभूतीचं ताट बाजूला सारून स्वामी उठले. कागद घेऊन अंगणात आले. सही नव्हती. तो त्यांनी चनबसच्या मांडीवर ठेवला.

चनबसनं कागदाकडं पाहिलं. मग कागदाखालच्या आपल्या घातलेल्या मांडीकडं पाहिलं.

स्वामींनी त्याला हात दिला.

“तू ऊठ,” ते म्हणाले. “काशिनाथला कधी उठवणार?”