कडूकंदाचा पहिला घास

एकदा एका आदिवासी पाड्यावर भर आषाढात घरोघरच्या धान्याच्या कणग्या रिकाम्या झाल्या. अशा दिवसांत तिथली माणसं रानातला कडूकंद खणून आणतात. हा कंद विषारी. चकत्या करून उकडायच्या, टोपलीत भरून दोन दिवस वाहत्या ओढ्यात ठेवायच्या, मगच खायच्या.

लहानूबाबा हे पाड्यावरचे जाणते. त्यांची सून जिवली त्यांच्या हाताखाली हे काम शिकत होती. एक रीत मात्र तिला फार खुपे. तयार कंदाचा पहिला घास बाबा घेत, आणि ऊन अंगणभर सरकेपर्यंत दुसऱ्या कोणी मडक्याला हात लावायचा नाही. म्हातारपणी जिभेचे चोचले, असं ती मनात म्हणे. मोठ्यांचा मान ठीक आहे, पण लेकरांच्या पोटात कावळे ओरडत असताना?

त्या दिवशी कंद प्रथमच तिने एकटीने केला होता. धाकटी लेक दोन दिवस धड जेवली नव्हती. तिचं रडणं ऐकवेना, म्हणून जिवलीने एकाच दिवसात टोपली ओढ्यातून काढली. एवढ्यातेवढ्याने काय होतंय, असं स्वतःला बजावत तिने मडकं बाबांपुढे ठेवलं.

बाबांनी एक चकती उचलली आणि ते शांतपणे म्हणाले, "पोरी, मला भोवळ आली तर आधी मडकं ओतून दे. मग माझ्याकडे बघ."

जिवलीच्या तोंडचं पाणी पळालं. ज्याला ती मान समजत होती, तो असला मान होता तर! तिने सासऱ्यांचा हात धरला आणि रडत रडत सगळं सांगून टाकलं.

बाबा रागावले नाहीत. चकती खाली ठेवून म्हणाले, "कंद गोड असता तर रानडुकरांनी कधीच संपवला असता. कडू आहे म्हणून आपल्या वाट्याला उरला. ते कडूपण उतरेपर्यंत थांबा, एवढंच तो मागतो. आणि ज्याने शिकवलं त्याने आधी खायचं. तू चुकलीस तर माझंच शिकवणं चुकलं."

"पण पोर रडतेय हो, बाबा."

"रडू दे. रडतेय तोवर ती आहे."

जिवलीने चकत्या पुन्हा ओढ्यात नेऊन ठेवल्या आणि तिथेच बसून राहिली. घरातून धाकटीचं रडणं ऐकू येत होतं. मधेच ते थांबलं की ती धडपडत उठे. पुन्हा सुरू झालं की खाली बसे.