आईची दुपार

"मग माझ्या चित्रपटातली आई खोटी, असं म्हणायचंय का तुम्हाला, बुवा?"

सुधन्वाचा आवाज चढला होता.

भार्गवबुवा अंगणात उन्हात बसून शेंगा सोलत होते. तरुणपणी नाटक कंपनीत लुगडं नेसून त्यांनी आईच्याच भूमिका केल्या होत्या. सुधन्वा त्यांच्याच हाताखाली शिकला आणि पुढे सिनेमात गेला. आपल्या आईवर त्याने काढलेला चित्रपट बुवा कालच पाहून आले होते.

"रडते छान," बुवा म्हणाले.

"सगळं थिएटर रडलं, बुवा!"

"हं... तुझी आई कशी होती रे?"

"माझी वाट बघायची. मी आल्याशिवाय जेवायची नाही. माझे पाय दुखले की रात्रभर..."

"हे तुझं झालं. तिचं सांग."



बुवांनी खांद्यावरचं उपरणं काढलं आणि सुधन्वाच्या डोक्यावरून पदरासारखं घातलं.

"दुपार आहे. तू शाळेत गेलायस. घरात ती एकटी. बस तिच्यासारखा."

सुधन्वा हसला. मग दाराकडे डोळे लावून, हात जोडल्यासारखे मांडीवर ठेवून बसला.

"ही सिनेमातली. पुन्हा."

तो पुन्हा बसला. बराच वेळ काहीच झालं नाही...

मग त्याची पाठ भिंतीला टेकली. एक पाय लांब झाला. मान मागे गेली. ओठांचा चंबू झाला आणि त्यातून नुसती हवा आली.

तो दचकला.

"बुवा... ती शीळ घालायची."

शेंगा सोलणारे बुवांचे हात थांबले.

"एकदा ताप आला म्हणून मी शाळेतून लवकर आलो. पायरीवरच ऐकू आली. वाटलं, घरात कोणी पुरुषमाणूस आलंय. आत बघतो तर आई! केस मोकळे, पाय पसरलेले. मला बघितलं आणि गडबडीने पदर सावरला. म्हणाली, 'भूक लागली का रे?'"

"चाल कोणती होती?"

"मी विचारलंच नाही... मी म्हणालो, हो, लागली."



थोड्या वेळाने सुधन्वाने डोळे पुसले आणि उपरणं काढायला हात वर नेला. बुवांनी तो हात धरला, हलकेच खाली ठेवला.

"बस गं बाई," ते म्हणाले. "शाळा सुटायला अजून वेळ आहे."