निळाऱ्यांच्या आळीतला झरोका

ऐनोसे शहरात जुन्या किल्ल्याच्या पायथ्याशी निळाऱ्यांची, म्हणजे निळीने कापड रंगवणाऱ्यांची, आळी आहे. जपान पाहायला जाणाऱ्यांना देवळे दाखवतात, बागा दाखवतात, वाऱ्यासारखी धावणारी आगगाडी दाखवतात; या आळीत मात्र पायीच यावे लागते. आळी इतकी अरुंद की एकाने छत्री उघडली तर समोरून येणाऱ्याने आपली मिटावी. दोन्ही बाजूंना काळपट लाकडाची बैठी दुकाने आणि प्रत्येक दारावर निळा पडदा. सहाव्या दुकानाचे नाव कामेया, सातव्याचे सोनोया. या दोन दुकानांच्या मागच्या अंगणात एक सामाईक मातीची भिंत आहे आणि तिच्यात कमरेच्या उंचीवर हातभर रुंदीचा झरोका आहे. त्याला दार नाही, झडप नाही, गज नाहीत. पावसाचे शिंतोडे त्यातून येतात, शेजारची मांजर तर दिवसातून दहा वेळा येते. ती भिंत दोनदा पडली, दोनदा नव्याने बांधली, आणि दोन्ही वेळा गवंड्याला हा झरोका सोडूनच बांधायला लावली.

हे असे का, ते तनिमुरा आजोबा सांगतात. जुन्या शहरातून पाहुण्यांना पायी फिरवून आणणे हे त्यांचे काम. वय अठ्ठ्याहत्तर, पण चाल अशी की गडहिंग्लजहून आलेल्या अकरा जणांच्या घोळक्याला त्यांनी पहिल्या चढावरच धाप लावली. ते जपानीत बोलत आणि तिथेच नोकरीला असलेली केतकी शिरगावकर ते मराठीत सांगे. झरोक्यापाशी पोचताच घोळक्यातल्या बापू देसायांनी जवळपास चहा कुठे मिळेल म्हणून विचारले. आजोबा शांतपणे म्हणाले, "चहा पुढच्या वळणावर आहे. पण तिकडे जायची वाट या गोष्टीतून जाते." मग बापूंनी खांद्यावरची पिशवी खाली ठेवली आणि आजोबांनी सुरुवात केली.

ही गोष्ट किल्ल्यावर सरदार नांदत होता तेव्हाची, असे सांगतात. त्या काळी आळीत बारा निळारी होते आणि बाराही घरांचा जीव नीळ ठेवलेल्या रांजणांत असे. नीळ म्हणजे नुसता रंग नव्हे. निळीची पाने महिना महिना कुजवायची, मग गळ्यापर्यंत जमिनीत पुरलेल्या रांजणात राखेच्या पाण्याबरोबर घालायची, वर गव्हाचा कोंडा आणि थोडी तांदळाची दारू. काही दिवसांनी तो रांजण आतून आंबतो, ऊब धरतो आणि वर निळ्या फेसाचे फूल येते. फूल आले की रांजण जिवंत. थंडीने गारठला, राख कमीजास्त झाली, तर फूल बसते, वास फिरतो आणि रांजण मरतो. जिवंत रांजणातून कापड हिरवट पिवळे निघते आणि वारा लागला की निळे होते; मेलेल्यातले निळे होतच नाही. नवा रांजण लावायचा तर जुन्या जिवंत रांजणातली पळीभर नीळ त्यात पडावी लागते, तेव्हा तो लवकर धरतो.

"म्हंजे इरजणच की वो!" घोळक्यातल्या पद्माकाकू रेडेकर मध्येच म्हणाल्या. केतकीला ते जपानीत सांगताना दही कसे लावतात इथपासून सुरुवात करावी लागली. आजोबांनी मान डोलावली आणि पुढे निघाले.

कामेयाची नीळ आळीत सगळ्यांत गडद. सरदाराच्या मिरवणुकीतले ध्वज दरवर्षी तिथेच रंगत. घरचा मालक जिन्बेई, कोपरापर्यंत हात निळे झालेला, कमी बोलणारा म्हातारा. त्याच्या बापाच्या वेळी एका वाईट हिवाळ्यात घरचा रांजण जवळजवळ मेला होता. तेव्हा तरुण जिन्बेईने निळाऱ्यांच्या देवळात सात दिवस उपास केला आणि नवस बोलला की रांजण वाचू दे, कामेयाच्या निळीचा थेंबही घराच्या उंबऱ्याबाहेर जाणार नाही. गेला, तर रांजण तू परत घे. रांजण वाचला, आणि जिन्बेईने तो नवस चाळीस वर्षे डोळ्यांत तेल घालून पाळला. बाहेर जाई ते रंगलेले कापड. नीळ नाही.

त्याची सून ओइतो. लग्नाला तीन वर्षे होत नाहीत तोच नवरा तापाने गेला. माहेरच्यांनी परत बोलावले, पण ती गेली नाही. तिचा जीव त्या रांजणांत अडकला होता. पहाटे झाकण काढून ती फूल पाही, दोन रांजणांमधल्या खड्ड्यात भुशाची धग ठेवी, सासऱ्याच्या मागे उभी राहून त्याचे सगळे बघे. रांजणाला राख किती हवी ते मात्र जिन्बेई एकटाच ठरवी. बोट बुडवायचे, थेंब जिभेवर ठेवायचा, आणि जीभ किती चुरचुरते त्यावर राख घालायची. ही चव त्याने कुणाला शिकवली नव्हती. ओइतोला ती हवी होती. या घरात आपण नुसती मेलेल्याची बायको म्हणून राहू नये, निळारीण म्हणून राहावे, एवढेच तिचे मागणे होते. तोंडाने कधी मागितले नाही, कारण मागायची रीत नव्हती.

एका वर्षी बर्फ महिनाभर आधी आले. शेजारच्या सोनोयाचा मालक अंथरुणाला खिळलेला, धग ठेवायला एकटी त्याची बायको ओतोमी. तिचे चारही रांजण एका आठवड्यात मेले. ती कामेयाच्या दारात आली, बर्फातच गुडघे टेकले आणि म्हणाली, "जिन्बेई-सान, एक पळी द्या. वसंतात देवळाचे पडदे रंगवून द्यायचेत. नाही दिले तर आळीतली जागा सोडावी लागेल. या माणसाला असा घेऊन मी कुठं जाऊ?"

जिन्बेईने तिला आत बोलावले, चहा दिला, घरातला निम्मा भुसा तिच्या अंगणात नेऊन टाकायला सांगितले. पण नीळ दिली नाही. "माझी असती तर दिली असती," तो म्हणाला. "देवाला दिलेला शब्द आहे." ओतोमीने वाकून नमस्कार केला आणि ती गेली. ओइतो पडद्याआड उभी होती. तिला सासऱ्याचा राग आला, आणि राग आला म्हणून स्वतःची लाजही वाटली.

त्या बर्फाच्या ओझ्याने मागच्या भिंतीचा एक तुकडा गळून पडला होता आणि आरपार भोक झाले होते. महिन्याच्या सव्विसाव्या दिवशी जिन्बेई देवळात जाई. त्या दिवशी तो आळीच्या टोकाला दिसेनासा झाला तशी ओइतोने लांब दांड्याची पळी घेतली, सर्वांत जोमदार रांजणातून भरली, आणि त्या भोकातून पलीकडे धरली. पलीकडे ओतोमी अंगणातला भुसा भरत होती. तिने आपले भांडे पुढे केले, पळी रिकामी केली आणि परत दिली. पळी ओढून घेताना ओइतोच्या हातून बर्फावर तीन थेंब सांडले म्हणे. ते तिने मातीने झाकले.

दहा दिवसांत सोनोयाच्या रांजणावर फूल आले. ओइतोला आनंद झाला, आणि त्याच वेळी भीतीने तिला घेरले. रोज झाकण काढताना ती डोळे मिटून काढी. हिवाळा सरला, कामेयाचे रांजण ठणठणीत राहिले. देवाने काणाडोळा केला, असे तिला वाटू लागले.

मग ध्वजांचे कापड येऊन पडले, आणि त्याच आठवड्यात कामेयाचे फूल बसले. आधी एका रांजणाचे, मग दुसऱ्याचे, मग चारही. वास फिरला. जिन्बेई रात्रंदिवस रांजणांपाशी बसू लागला, राख घाली, पुन्हा घाली. काही उपयोग झाला नाही. पाचव्या दिवशी सकाळी त्याने पांढऱ्या कापडाची चिंधी बुडवून वर काढली. ती मळकट पिवळी निघाली आणि वाऱ्यावर धरली तरी निळी झाली नाही.

ओइतोने सासऱ्यापुढे कपाळ जमिनीला टेकले. "मामंजी, मी मारले. एक पळी मी भिंतीतून सोनोयाला दिली. तुमचा नवस मी मोडला. मला घराबाहेर काढा, पण देवाला सांगा की दोष माझा होता." तिने सगळे सांगितले, सांडलेले तीन थेंबसुद्धा.

जिन्बेईने हातातली चिंधी खाली ठेवली. अंगणात पागोळ्या गळत होत्या. मग त्याने, चाळीस वर्षांत कुणासमोर खाली गेली नव्हती ती मान खाली घातली.

"गेल्या हिवाळ्यापासून माझ्या जिभेला चव नाही," तो म्हणाला. "मीठ लागत नाही, राख लागत नाही. मी अंदाजाने घालत होतो. फूल बसलं तशी घाबरून दुप्पट घातली. पोरी, तुझ्या एका पळीनं नाही मेले ते. माझ्या हट्टानं मेले. कुणाला सांगायचं, याची लाज वाटली."

कोणाच्या दोषाने काय झाले ते कळले होते, पण रांजण मेलेलेच होते आणि कापड येऊन पडले होते. ध्वज रंगले नाहीत तर सरदाराचे काम कामेयाकडे पुन्हा येणार नव्हते, आणि कामेयाची नीळ जगात आता कुठेच नव्हती.

नाही, एके ठिकाणी होती. ते दोघांच्या एकाच वेळी ध्यानात आले, असे सांगतात. पण उठून मागायला जायचे कसे? दारात गुडघे टेकलेल्या बाईला ज्याने परत पाठवले, त्याने तिच्या दारात कोणत्या तोंडाने जायचे? जिन्बेई उठला, पुन्हा बसला. तेवढ्यात मागच्या अंगणात काहीतरी खट्ट वाजले.

भिंतीच्या भोकातून एक पळी आत आली होती. काठोकाठ भरलेली. पलीकडून ओतोमी दांडा धरून उभी होती. फिरलेला वास निळाऱ्याला भिंतीपलीकडूनही कळतो. तिला तो पहिल्या दिवशीच कळला होता. शेजाऱ्याला लाज वाटू नये म्हणून चार दिवस ती गप्प राहिली होती, पाचव्या दिवशी तिला राहवले नाही.

जिन्बेई भोकापुढे गेला आणि वाकला. किती वाकला ते सांगताना तनिमुरा आजोबा स्वतः वाकून दाखवतात. मग त्याने पळी घेतली आणि, जे त्याने आयुष्यात कधी केले नव्हते, ती सुनेपुढे धरली.

"तू चाख."

ओइतोने बोट बुडवले. थेंब जिभेवर ठेवला. पहिल्यांदाच ती चव तिच्या वाट्याला येत होती, तिला काय ओळखू येणार? पण जीभ चुरचुरली, मागून किंचित गोडसर, ओल्या मातीसारखे काहीतरी आले, आणि हिवाळाभर पहाटे झाकण काढताना नाकात भरणारा वास सगळा तोंडात उतरला. तिचे डोळे भरून आले.

"आपलीच आहे," ती म्हणाली.

ओइतोने नवे रांजण लावले. राख तिच्या जिभेने ठरवली. जिन्बेई बाजूला बसून फक्त विचारी आणि ती सांगे. पहिले दोन दिवस ती चुकली, तिसऱ्या दिवशी नाही. ध्वज मिरवणुकीच्या आदल्या दुपारी वाळले. त्यानंतर जिन्बेई देवळात गेला आणि देवाला म्हणाला की जुना नवस माझ्या हातून नीट झाला नाही, आता नवा घे. आमच्या भिंतीतले ते भोक आमच्या घरातला कोणीही बुजवणार नाही. त्या दिवशी गवंडी बोलावून त्याने भोकाच्या कडा नीट करून घेतल्या. तोच हा झरोका.

यात खरे किती आणि सांगणाऱ्यांचे किती, ते तनिमुरा आजोबांना माहीत नाही, आणि विचारले तर ते हसतात. बापू देसाई चहाचे विसरून गेले होते. त्यांनी झरोक्याच्या गुळगुळीत कडेवरून हात फिरवला.

आजही दर वसंतात रंगकामाच्या पहिल्या दिवशी या झरोक्यातून एक पळी जाते; एका वर्षी इकडून तिकडे, पुढच्या वर्षी तिकडून इकडे. इतक्या वर्षांत दोन्ही घरांची नीळ इतकी मिसळली आहे की मूळची कोणाची ते देवालाही सांगता येणार नाही. देणारा बोलत नाही. घेणारा बोट बुडवतो, थेंब जिभेवर ठेवतो, आणि कामेयाचा असो की सोनोयाचा, भिंतीपलीकडच्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणतो, "आपलीच आहे."