सगळ्यांची कचेरी आणि खुडूक कोंबडी

"माग उचला!" राजा रणधवल गरजला. "रोज सकाळी इथे आणायचा, रोज संध्याकाळी घरी न्यायचा! एवढं साधं काम जमत नाही?"

"माग आणता येईल महाराज," यमाजी कोष्ट्याची मुलगी सगुणा म्हणाली. "पण तो जमिनीत रोवलेला असतो. खाली खड्डा असतो, त्यात पाय सोडून विणायला बसतात. तो खड्डा कशात भरून आणू?"

"पोत्यात भर!"

दरबार खो खो हसला. यमाजीच्या डोळ्यांत मात्र पाणी उभं राहिलं. मागावर एक लुगडं अर्धं विणून झालं होतं. माग हलवला की सगळे धागे एकमेकांत अडकणार, लुगडं वाया जाणार. आणि न हलवावा, तर मागाची लाकडं राजाच्या मुदपाकखान्यात चुलीत जाणार! तसा हुकूमच होता.

या सगळ्याला कारण एक पाहुणा. तो तांबेगडात आला आणि जेवताना राजाला म्हणाला, "आमच्याकडे सगळ्या धंद्यांची माणसं एकाच छपराखाली बसतात. कोणाची जागा ठरलेली नाही. सकाळी यावं, दिसेल त्या जागी बसावं, संध्याकाळी उठून जावं. पिण्याचं पाणी सगळ्यांचं एक, चिवडा सगळ्यांचा एक!"

राजाला ते इतकं आवडलं, की पाहुण्याचा ताक-भात संपायच्या आत त्याने गावातल्या सगळ्या दुकानांना कुलपं ठोकायला सांगितलं. दरबाराची झाली 'सगळ्यांची कचेरी'. नियम एकच, काल जिथे बसलात तिथे आज बसायचं नाही!

मग काय विचारता! न्हावी बसला हलवायाशेजारी, आणि गिऱ्हाइकं पेढ्यातून केस काढू लागली. वैद्यबुवांच्या मागे ढोलकीवाला बसला. वैद्यबुवांनी रोग्याची नाडी धरली आणि मान डोलावत म्हणाले, "वा! काय ठेका आहे!" जोशीबुवा लोहाराजवळ बसले. लग्नाचा मुहूर्त सांगायला तोंड उघडलं की घण पडायचा, आणि मुलीकडचे लोक अपशकून झाला म्हणून उठून जायचे.

राजा मात्र खूश! दिवसभर तो हात मागे बांधून कचेरीत फिरत असे. "पाहा, कसं मोकळं मोकळं वाटतंय! माझं सिंहासनसुद्धा मोकळं आहे. बसा कोणीही!" पण सिंहासनावर बसायची छाती कोणाची? ते आपलं रिकामंच असे.

"चला, वेळ झाली!" राजा आता म्हणाला. "प्रधानजी, शिपाई पाठवा आणि माग उखडून आणा!"

"महाराज," सगुणा पुढे झाली, "काही कामं जागेला धरूनच होतात. जागा हलली की काम मोडतं."

"असं एकही काम माझ्या राज्यात नाही!"

"असलं तर?"

राजाने मिशीवरून हात फिरवला. "तर दाखव! पण ते करणारा असा हवा, की मी स्वतः उठवलं तरी त्याने माझं ऐकता कामा नये. आणि मला त्याला शिक्षाही करता येऊ नये! आहे असा कोणी? दाखवलास तर माग तुमचा. नाहीतर आज रात्रीची खिचडी त्या मागावरच शिजेल!"

यमाजीने लेकीचा पदर ओढला. "सगुणे, चल गं बाई घरी. राजाच्या नादी लागू नये."

पण सगुणाचे कान भलतीकडेच होते. मघापासून सिंहासनाकडून बारीक आवाज येत होता. कुर्र... कुर्र... घरी कोंबड्या पाळणारीला तो आवाज काय सांगायला हवा! तिने हसू दाबलं.

"शोधायला कशाला जाऊ महाराज? तो कारागीर इथेच बसलाय. सिंहासनावर!"

राजा गर्रकन वळला. तक्क्याच्या आड, मखमलीच्या गादीत, पिसं फुलवून एक तांबडी कोंबडी बसली होती!

"अगं बया!" अंडी विकणारी ठकूबाई ओरडली. "माझी तांबडी! तिला मी सगळ्या गावात शोधत होते! ही तर इथे अंडी घालून त्यांवर खुडूक बसली!"

"खुडूक असो नाहीतर आणखी काही!" राजा म्हणाला. "ए कोंबडे, ऊठ!"

कोंबडीने राजाच्या बोटाला टोच मारली.

"हिचा रस्सा करा!" राजा बोट चोखत ओरडला.

"जरूर करा महाराज," सगुणा म्हणाली. "शेजारच्या राज्यांत आम्ही अभिमानाने सांगू, रणधवल महाराज कोंबडीशी लढले आणि जिंकले!"

प्रधानजींना जोराचा खोकला आला. राजाने त्यांच्याकडे डोळे वटारले. मग त्याने स्वतः कोंबडी काखेत मारली, अंडी शेल्यात घेतली आणि खिडकीजवळच्या गादीवर सगळा संसार नीट मांडला.

"बस इथे! इथे वारासुद्धा छान येतो!"

कोंबडी उठली. पिसं झाडली. भर दरबारातून तुरुतुरु चालत गेली, टुणकन उडी मारून सिंहासनावर चढली आणि रिकाम्या गादीवर बसली! अंडी एकीकडे, कोंबडी दुसरीकडे!

"अगं वेडे, तुझी अंडी इकडे आहेत!" राजा म्हणाला.

"तिला तिचीच जागा हवी, महाराज," सगुणा म्हणाली. "तुम्ही अंडी हलवलीत, बसणारी हलवलीत, पण तिची बैठक कुठे हलली? आमच्या मागाचंही असंच आहे. आता तुम्ही विचार करत बसा, पण अंडी गार होताहेत हो!"

"गार होताहेत?" राजा दचकला. "मग बघत काय उभे राहिलात? सरका! सरका सगळे!"

आणि तांबेगडचा राजा शेल्यात अंडी घेऊन धावत सुटला! सिंहासनापुढे गुडघे टेकून त्याने एकेक अंडं कोंबडीच्या पोटाखाली हळूच सरकवलं. मान वर केली तर सगळा दरबार तोंडाला हात लावून उभा! राजाला स्वतःचंच रूप दिसलं आणि तो हसत सुटला. इतका, की मुकुट घरंगळत लोहाराच्या पायाशी गेला.

"हरलो गं पोरी, हरलो! प्रधानजी, दुकानांच्या किल्ल्या परत द्या. ज्याला इथे बसून काम जमेल त्याने इथे बसावं, ज्याला घरी जमेल त्याने घरी! यमाजीचा माग आहे तिथेच राहील. आणि सगुणाला रेशमाने भरलेली पेटी द्या!"

"आणि माझी तांबडी?" ठकूबाईने विचारलं.

"शूऽऽ! हळू बोल!" राजा कुजबुजला. "दाणे आणा तिला. आणि पिल्लं बाहेर येईपर्यंत या दरबारात कोणी मोठ्याने बोलायचं नाही. मीसुद्धा नाही!"