साळूबाईच्या शेतात निजलेलं पाणी

एकदा काय झालं, एका शेताला दोन धनी झाले. ठमे, पाय पांघरुणात घे बघू, मग पुढचं सांगते.

शेत होतं साळूबाईचं. बाई एकटी, घरात ना लेक ना सून. दोन बैल होते आणि ते शेत होतं, बस. लग्न होऊन आली तेव्हापासून ती ते नांगरायची. पहिल्या पेरणीआधी सासूनं तिला शेताच्या मधोमध नेलं आणि सांगितलं, की इथे आलीस की नांगर उचलून घे, खाली पाणी निजलंय. चाळीस वर्षं झाली, साळूबाईनं तेवढी वीतभर जागा कधी नांगरली नाही, बरं का.

मग एक दिवस आला गणोजी शिलेदार. मिशा ह्या अश्या, पिळलेल्या. म्हणतो कसा, शेत माझं, बापजाद्यांपासून आम्हीच कसतोय. मेल्याची जीभ जरासुद्धा अडखळली नाही. शेत गेलं तर साळूबाईनं जायचं कुठं, आणि बैलांनी तरी कुठं?

भांडण राजापुढे गेलं. राजा भला होता, पण झोपाळू, आपल्या विनूसारखा. त्यानं विचारलं, कागद आहे का? गणोजीनं लग्गेच कागद काढला, त्यावर हा एवढा लाल शिक्का. साळूबाईकडे कुठला कागद? राजाच्या आजोबांनी तिच्या सासऱ्याला शेत दिलं ते तोंडी, आणि दोघंही कधीच देवाघरी गेलेले.

मग राजानं विचारलं, साक्षीदार आहे का? गणोजीनं बारा माणसं उभी केली. बाराही जण एकच वाक्य बोलले, पाढे म्हटल्यासारखं. साळूबाईच्या बाजूनं कोणी आलं नाही. गाव गणोजीला भीत होतं ना. बिचारी बैलाच्या मानेवर डोकं टेकून रडली.

तिसऱ्यांदा राजा म्हणाला, आता शेतालाच विचारू. दोघांनीही नांगरून दाखवा.

गणोजीनं आठ दिवस सराव केला होता. त्यानं नांगराचा तास ओढला तो दोरी लावल्यासारखा सरळ. ऐटीत निघाला, मधोमध आला आणि तसाच पुढे गेला. नांगराचा फाळ आत घुसला, आणि मग काय, जमिनीतून डोळे चोळत पाणी उठलं. झोपमोड झालेल्या पोरासारखं कुरकुरलं.

“कोण आहे? ही साळू नव्हे. साळू नांगर उचलून नेते.”

पाणी घोट्यापर्यंत आलं, गुडघ्यापर्यंत आलं. निळं निळं पाणी, आणि भरदिवसा त्यात चांदण्या तरंगत होत्या. बारा साक्षीदार पळत बांधावर चढले. गणोजी कमरेइतक्या पाण्यात उभा, आणि मिशा भिजून खाली आलेल्या.

साळूबाई मात्र घाबरली, गाव बुडेल म्हणून. पदर खोचून ती पाण्यात शिरली, आणि तुम्हाला थोपटते ना मी, तसं तिनं पाण्याला थोपटलं. “नीज बाळा, मी आहे.” पाण्यानं एक जांभई दिली आणि चांदण्यांसकट हळूहळू खाली गेलं.

मग साळूबाईनं आपला नांगर धरला. मधे आल्यावर बैल आपणहून थांबले. तिनं नांगर उचलला, वीतभर पुढे टेकवला. माती हललीसुद्धा नाही.

राजाची झोप पार उडाली. त्यानं गणोजीचा कागद फाडला, नवा लिहायला घेतला, आणि साळूबाईला शेताच्या चारी हद्दी विचारल्या.

“हद्दी लिहा, महाराज,” साळूबाई म्हणाली, “पण आधी लिहा, की मधे आल्यावर नांगर उचलावा. माझ्यामागे जो कसेल त्याला हे सांगायला मी नसेन.”

राजानं तसंच लिहिलं. गणोजीनं तिची माफी मागितली आणि पुन्हा कुणाच्या शेताकडे डोळा वर करून पाहिलं नाही. साळूबाई सुखात राहिली, बैल सुखात राहिले. पाणी अजून निजलेलंच आहे. आता तुम्हीही निजा, आणि कूस बदललीत तर हळूच हं.