पाण्यावरून पळणारा जासूद

"हैबती, येत्या सोमवारी तू तळ्यावरून पळत पलीकडे जायचंस!" दुर्जयसिंह महाराजांनी हुकूम सोडला. "पोहून नाही. पळत! नाही गेलास तर कामचुकार म्हणून राज्याबाहेर घालवीन, बायकोसकट!"

हैबती दरबारचा जासूद. महाराजांचे निरोप पळत पोचवायचे, हे त्याचं काम. आणि निरोप तरी कसले? महाराज तळ्यापलीकडच्या मेव्हण्यांशी बुद्धिबळ खेळत! मेव्हणेही राजेच. ते इकडे येईनात, हे तिकडे जाईनात. मग एक चाल चिठ्ठीवर लिहायची, हैबतीनं तळ्याला वळसा घालून ती पोचवायची आणि उत्तर घेऊन रात्री घरी यायचं. सध्या महाराजांचा वजीर मेव्हण्यांच्या हत्तीच्या तोंडी सापडला होता. महाराजांना अन्न गोड लागत नव्हतं.

तळ्यातून भाजीवाल्यांची होडी जायची, पण तिचं नाव काढलं की दिवाणजी कानांवर हात ठेवत. "छे छे! दरबारचा निरोप वांग्यांच्या टोपलीशेजारी बसून जाणार? खापरपणजोबांपासून तो पळतच जातो!"

अशात दरबारचे पंडित व्यंकटशास्त्री यांना तळ्याच्या पाण्यावर एक किडा तुरुतुरु पळताना दिसला. "पाहिलंत महाराज? बुडतो का तो? सगळा वेगाचा खेळ! एक पाय बुडायच्या आत दुसरा टाकायचा, की झालं!"

झालं! हैबती घरी आला तो चेहरा एवढासा करून.

"अगं म्हाळसा, मला धड पोहतासुद्धा येत नाही!"

"पोहायचं नाही असंच म्हणालेत ना?" म्हाळसा म्हणाली. "मग तेवढी तरी काळजी मिटली!"

तोंडानं ती हसली, पण नजर घरभर फिरली. दारातली तुळस, चुलीमागची भिंत, दोन शेळ्या, सगळं सोडून जायचं? आणि कशासाठी, तर एका लाकडी वजिरासाठी! ती उठली आणि थेट महादेवाच्या देवळात गेली. पिंडीवर बेल वाहून म्हणाली, "देवा, नवऱ्याला पाण्यावरून पळव असं मागत नाही. तुलाही अडचणीत कशाला टाकू? माझ्या डोक्यात काहीतरी घाल म्हणजे झालं."

परतताना वाटेत ओढा लागला. म्हाळसानं पदर खोचला, वीसेक हात मागे सरली, धाव घेतली आणि उडी मारली. पाय पलीकडे टेकायच्या आत, हवेतच तिला सुचलं!

दुसऱ्या दिवशी सकाळी दोरीचं भेंडोळं आणि फक्कीची टोपली घेऊन ती राजवाड्याच्या घाटावर हजर झाली.

"महाराजांच्या हुकमाची तयारी आहे," तिनं पहारेकऱ्याला सांगितलं. हुकूम म्हटल्यावर तो कसला अडवतो! घाटापासून दोरी निघाली ती देवडीतून मुदपाकखान्यात, आचाऱ्याच्या दोन्ही पायांमधून पलीकडे. मागोमाग फक्कीची पांढरी रेघ. दोरी पुढे गेली आणि एका बंद दाराखालून आत शिरली.

आत महाराज अंगाला तेल लावून चौरंगावर बसले होते.

"कोण आहे रे तिकडे?" आतून आरोळी आली.

"मी म्हाळसा, हैबती जासुदाची बायको! महाराज, जरा चौरंग उचला, दोरी अडकलीय!"

"माझ्या न्हाणीघरात दोरी? वेड लागलं का तुला, बाई?"

"महाराज, न्हाणीघर सोमवारपर्यंतच आहे. मग पाडायचंय."

दार धाडकन उघडलं. पंचा सावरत, तेलानं चकाकत महाराज बाहेर आले. आरडाओरडा ऐकून दिवाणजी आणि शास्त्रीबुवाही धावत पोचले.

"कोण पाडणार माझं न्हाणीघर?"

"आता हे बघा महाराज. पाच हातांचा ओढा ओलांडायचा तर मागे वीस हात धाव घ्यावी लागते. म्हणजे चौपट. तळं अर्धा कोस. मग दोन कोस धाव नको? घाटासमोर सरळ रेषेत मुदपाकखाना आहे, मग हे न्हाणीघर, मग राणीसाहेबांचा महाल, हत्तीखाना आणि शेवटी दिवाणजींचं नवं घर."

"माझं घर!" दिवाणजी किंचाळले. "अगं, वळसा घालून धावायला सांग त्याला!"

"वळलं की वेग गेला. विचारा शास्त्रीबुवांना!"

शास्त्रीबुवांनी शेंडी चाचपली. स्वतःचंच शास्त्र, नाही कसं म्हणणार? "बाई म्हणतात ते... शास्त्राला धरून आहे, महाराज."

"मग धाव थोडी कमी घेऊ दे!" महाराज गुरगुरले.

"चालेल की! तेवढं तळं कमी करून द्या," म्हाळसा हात जोडून म्हणाली. "वाडा सरकवायचा की तळं, एवढंच महाराजांनी सांगावं. आमच्या यांना पळायची केव्हाची घाई झालीय!"

महाराजांनी फक्कीच्या रेघेकडे पाहिलं. आपल्या तेलकट पोटाकडे पाहिलं. आणि असे खदखदून हसले, की पंचा दोन्ही हातांनी धरावा लागला! "हरलो, बाई! हुकूम मागे! पण माझ्या वजिराचं काय? तो मेव्हणा टपून बसलाय गं!"

"एक होडी द्या, महाराज. दुपारच्या आत चाल पलीकडे."

"होडी?" दिवाणजी फुरफुरले. "म्हणजे जासूद बसून जाणार!"

"बसेल कशाला? उभा राहील!" म्हाळसा म्हणाली. "पाण्यावर पळणारा जासूद जगात कोणाकडेच नाही, दिवाणजी. पण भर तळ्यात ताठ उभा राहून निरोप नेणारा तरी दुसऱ्या कोणत्या राजाकडे आहे? मेव्हणे बघतच राहतील!"

"बघतच राहतील!" महाराजांनी मांडीवर थाप मारली, तशी तेलाचे थेंब उडून दिवाणजींच्या पागोट्यावर पडले. महाराज पुन्हा हसत सुटले. हसता हसताच हैबतीला नवी कोरी होडी, म्हाळसाला जरीकाठी लुगडं आणि दोघांना मिळून दिवाणजींच्या घरामागची अख्खी आमराई त्यांनी तिथल्या तिथे देऊन टाकली!