कप्पीचा पान्हा

एका गावात एक आजी होती. आजी कसली, गावचा दुसरा पाटीलच म्हणा! शाळेचं तोंड तिनं पाहिलं नव्हतं, पण तिच्यापुढे बोलायची भल्याभल्यांची टाप नव्हती. आपल्या हाताखाली कुठल्या म्हशीनं दूध चोरलं नाही आणि आपल्या शब्दाबाहेर घरातलं कुणी गेलं नाही, याचा तिला फार अभिमान.

आजीचा मुलगा घोंगड्या विकायला कानडी मुलखात जायचा. तिथलीच मुलगी त्यानं बायको म्हणून आणली. सुनेबरोबर माहेरचं आंदण म्हणून एक म्हैस आली, काळीभोर, मागे वळलेल्या शिंगांची. सुनेनं तिचं नाव सांगितलं, "कप्पी."

"कप्पी? विहिरीवर दोर ओढायची असते ती?" आजी म्हणाली. "म्हशीला हे काय नाव!"

कानडीत कप्पी म्हणजे काळी. पण विचारायला थांबेल ती आजी कसली!

सून रोज धार काढायला बसली की म्हशीच्या पाठीवरून हात फिरवत म्हणायची, "बा तायी बा... बा तायी बा..." ते ऐकलं की कप्पी डोळे मिटून उभी राहायची आणि चरवीतून फेस वर यायचा.

आजी ओसरीवरून ओरडायची, "बा काय, ताई काय! बापाला नि बहिणीला हाका मारतेस होय गं? म्हशीत अख्खं माहेर दिसतं काय तुला?"

सून नुसती हसायची.

पुढे सुनेला मुलगी झाली. धार काढताना ती पोर आईच्या मांडीला टेकून बसायची. बोलायला लागली तशी आईशी कानडी बोलायची, आजीशी मराठी, आणि कधी कधी एकाच वाक्यात दोन्ही.

पोर दोन वर्षांची असताना एकदा सून ओढ्यावर धुणं धुवायला गेली. झोळीत निजलेली पोर जागी झाली आणि रडायला लागली, "आजी, हालु दे! हालु दे!"

कानडीत हालु म्हणजे दूध. आजीला वाटलं, नात झोळी हलवायला सांगतेय. तिनं झोका दिला. पोर आणखी मोठ्यानं ओरडली, "हालु! हालु!" आजीनं आणखी जोरात हलवलं.

"हलवतेय ना गं बाई! अजून किती हलवू? छप्पर खाली येईल आता!"

एवढ्यात सून धावत आली, पोरीला उचललं, दुधाची वाटी तोंडाला लावली. पोर गप्प. दारात उभी असलेली शेजारीण मात्र पोट धरून हसत सुटली. दिवस मावळायच्या आत गावभर झालं, आजीनं नातीला दुधाऐवजी झोके पाजले!

लोक हसले त्याचं आजीला फार नव्हतं. तिला लागलं ते वेगळंच. आपलीच नात, आणि आपल्याला तिची भूक कळली नाही. आता एक शब्द शिकून घेतला असता तर काम झालं असतं. पण आजी गेली शाळेच्या पंतोजींकडे.

पंतोजी म्हणाले, "एका तव्यावर दोन भाकऱ्या टाकल्या की दोन्ही कच्च्या राहतात. पोरीच्या कानावर एकच भाषा पडू द्या."

आजी तरातरा घरी आली. सुनेचा हात ओढून पोरीच्या डोक्यावर ठेवला.

"घे शपथ. आजपासून या घरात कानडी बोलायचं नाही. माणसाशी नाही, जनावराशी नाही."

मुलगा मधे पडला, "आई, अगं तिची ती..."

"तू गप. आपल्या घोंगड्या सांभाळ."

सुनेनं शपथ घेतली, आणि पाळली.

पण सुनेला मराठी येत होतं ते कामापुरतं. ये, जेव, झोप, भांडी घास. लाडाचं मराठी तिला कुणी शिकवलंच नव्हतं. रुसलेलीला हसवायचं, पडलेलीच्या गुडघ्यावर फुंकर घालायची, ते सगळं तिच्यापाशी कानडीत होतं. ते बंद झालं आणि आई मुकी झाली. आईचं बघून पोर मुकी झाली. आधी 'हालु' गेलं, मग 'दे' पण गेलं, आणि एके दिवशी 'आजी' सुद्धा गेलं.

"आजी म्हण," आजी विनवायची. "एकदा म्हण गं, माझे सोने." पोर नुसती बघायची. आजी तोंड फिरवून चुलीत काटक्या घालायची. धुरानं डोळे चुरचुरतात म्हणायची. चूल पेटलेली नसली तरी म्हणायची.

असे सात-आठ महिने गेले. कप्पी तेव्हा गाभण होती, धार बंद होती. मग ती व्याली. रेडकू अगदी अशक्त. उभं राहीना, आचळ तोंडात धरीना. चीक पिळून हातानं पाजला तरच जगणार. सून चरवी घेऊन बसली. कप्पीची कास तट्ट भरलेली, पण तिनं अंग चोरलं. थेंब देईना.

सून हात जोडून म्हणाली, "आत्याबाई, एकदा हाक मारू? एकदाच."

"नाही. म्हैस माझ्या दावणीला आहे. तिनं माझी भाषा ऐकायची."

आजी स्वतः बसली. सरकी चारली, पेंड चारली, कोमट पाण्यानं कास शेकली. "ये गं माझी बाय, सोड गं पान्हा," किती किती बोलली! कप्पीनं अशी लाथ झाडली की चरवी उडून उकिरड्यावर. आयुष्यात पहिल्यांदा म्हशीनं आजीचं ऐकलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी रेडकानं मान टाकली. त्याचा नुसता श्वास चालला होता. सून त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती. ओठ घट्ट मिटलेले, डोळ्यांना धार लागलेली. पोरीच्या डोक्यावर हात ठेवून घेतलेली शपथ, ती मोडणार कशी?

आजी चरवी घासून गोठ्याच्या दाराशी आली आणि तिथंच थबकली.

पोर कप्पीच्या पोटाखाली उभी होती. आपला चिमुकला हात तिच्या कासेवर ठेवून हळूच म्हणत होती, "बा तायी बा... बा तायी बा..."

कप्पीनं कान हलवले. डोळे मिटले. अंग सैल सोडलं. आणि आचळातून चीक आपसूक ठिबकायला लागला, पोरीच्या पायांवर, गोठ्याच्या भुईवर.

सुनेनं दचकून आजीकडे पाहिलं. इतक्या महिन्यांनी पोर बोलली, आणि बोलली ती नेमकी बंदीची भाषा. आता आत्याबाई काय करतील?

आजी पुढे आली. "काय म्हणालीस गं?" तिनं जरा मोठ्यानंच विचारलं. कप्पी दचकली, पाय उचलला.

पोर वळली, तोंडावर बोट ठेवलं आणि म्हणाली, "आजी, हळू. तिला मराठी येत नाही."

हसावं की रडावं आजीला कळेना. मग तिनं दोन्ही केलं.

"बस गं पोरी धारेला," तिनं सुनेला चरवी दिली. "आधी रेडकाला पाज."

रेडकानं चीक गिळला, जरा वेळानं मान उचलली. तेव्हा आजीनं सुनेचा हात धरला आणि पुन्हा एकदा पोरीच्या डोक्यावर ठेवला.

"शपथ मी घातली होती, मीच उतरवते. बोल आता, पहिल्यासारखी. आणि मला सांग, हे बा तायी म्हणजे काय?"

सून खाली मान घालून म्हणाली, "बा म्हणजे ये. तायी म्हणजे आई. ये आई, ये."

आजीनं पोरीला मांडीवर घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे इतके महिने मी या घरात पोरीच्या आईलाच येऊ दिलं नाही."

त्या संध्याकाळी धारेला आजी स्वतः बसली. घसा खाकरून म्हणाली, "बा ताई बा."

कप्पीनं मान वळवून तिच्याकडे असं पाहिलं की पोर खदखदून हसली. "ताई नाही गं आजी! ता-यी!"

"बरं बाई, तायी. एवढं म्हातारीला हसू नये." आणि आजी पुन्हा म्हणायला लागली. कप्पीनं थोडा विचार केला आणि पान्हा सोडला.

पुढे पंतोजी भेटले तेव्हा आजीनं त्यांना वाटेतच गाठलं. "पंतोजी, तुम्ही तव्याचं सांगितलंत. तुम्ही कधी चूल पेटवली आहे काय? चुलीच्या बाजूला वैल असतो तो कशाला? जाळ एकच असतो. चुलीवर भाकरी होते, वैलावर कालवण शिजतं. कच्चं काही राहत नाही. जाळ विझवला तरच राहतं."

पंतोजींनी पागोटं सावरलं आणि वाट धरली. बोलायची टाप होती कुणाची!

तात्पर्य: लेकरू दोन भाषांनी गोंधळत नाही, आईचं बोलणं तोडलं की मुकं होतं. त्याची भूक ज्या भाषेत असेल तो शब्द मोठ्यांनी शिकून घ्यावा, मग आपली भाषा ते आपणहून बोलतं.